हवालदाराने लिहिलेली शांतता

टोकियोतल्या ओजिमात, आमच्या इमारतीत तिसऱ्या मजल्यावर एक इंग्रज म्हातारा राहतो. इमारतीतले जपानी लोक त्याला सेन्सेई म्हणतात, म्हणजे गुरुजी. मी हवालदार म्हणतो. हवालदार म्हणजे काय ते त्याला माझ्या सुनेनं सांगितलंय आणि त्याला ते आवडत नाही, म्हणून तर म्हणतो.

तो विलायतेत टीव्हीवर पोलिसाचं काम करायचा. मी दशावतारी. सिंधुदुर्गातल्या एका कंपनीत माझा उभा जन्म गेला, आधी स्त्रीपार्ट, मग गळा जाड झाल्यावर राजपार्ट. शाळा तिसरीपर्यंत, ती पण मास्तरांनी ढकलली म्हणून. बायको गेली तेव्हा मुलगा म्हणाला, "बाबा, नातीला सांभाळायला या, आम्ही दोघं ऑफिसात असतो." खरं म्हणजे मलाच सांभाळायला आणलं. पण त्यानं ते तसं बोलून दाखवलं नाही आणि मीही मान ठेवला.

इमारतींच्या मधल्या मैदानात सकाळी रेडिओ लावून म्हातारी माणसं कवायत करतात. मीही जायला लागलो. आता मी हात वर केला की तो राजाचा हात होतो, त्याला माझा इलाज नाही. बायका तोंडावर रुमाल धरून हसायच्या, हसू देत. एक दिवस कवायत संपल्यावर हा उंच, पाठीतनं वाकलेला गोरा माझ्यापुढं येऊन उभा राहिला.

"तू नट आहेस," तो इंग्रजीत म्हणाला.

"आहे. तू?"

"होतो."

ते 'होतो' मला खटकलं. आमच्यात असं कुणी म्हणत नाही. दात पडले, आवाज बसला, गुडघे गेले, तरी माणूस नट असतोच.

माझं इंग्रजी गोव्याच्या हॉटेलातलं. पावसाळ्यात कंपनी बंद असायची तेव्हा मी तिथं भांडी घासायचो आणि गोऱ्यांचं बोलणं कानावर पडायचं. साधं बोलणं मला कळतं. अवघड काही आलं की आम्ही शनिवार-रविवारपर्यंत थांबायचो, मग सून मधे बसायची. ती पुण्याची, इंजिनीयर, तिघांत सगळ्यात कमी बोलणारी आणि सगळ्यात जास्त काम तिलाच.

त्याची हकिकत मला अशी तुकड्यातुकड्यांत कळली. बाप बस चालवायचा. हा नाटकशाळेत शिकला, लहानसहान कामं केली, आणि मग पोलिसांच्या एका मालिकेत ठाण्याच्या टेबलामागचा हवालदार झाला. हिरो चोर पकडून आणायचे, हा त्यांची नावं लिहून घ्यायचा. वर्षानुवर्षं तेवढंच. रस्त्यात लोक त्याला थांबवून हरवलेल्या सायकली सांगायचे. एका बाईनं तर भर बाजारात नवऱ्याची तक्रार केली.

"मग तू काय केलंस?" मी विचारलं.

"ऐकून घेतली. तिनं विश्वासानं सांगितली होती."

"आणि एवढं मानाचं काम सोडलंस?"

तर तो म्हणाला, दर आठवड्याला कागद यायचा. मी काय बोलायचं ते त्यावर असायचं. 'बसा साहेब. नाव सांगा साहेब.' त्या हवालदाराच्या अंगात राहून राहून मला कळायला लागलं की हा माणूस काय बोलणार नाही. लिहिणाऱ्याला ते कळत नव्हतं. म्हणून मी तालमीत वाक्यं बदलायला लागलो. लिहिणारा चिडला. वरचा साहेब म्हणाला, एवढं येतंय तर तूच लिही. मी लिहिलं, आणि पहिल्याच भागात हवालदार मारला.

"कुणी मारला?"

"मी. हार्ट ॲटॅकनं. टेबलामागंच."

"स्वतःचा पार्ट?"

"तो जिवंत राहिला असता तर मला लिहू दिलं नसतं. परत नेऊन टेबलामागं बसवलं असतं."

त्या दिवशी मला जेवण गोड लागलं नाही. चालता पार्ट माणूस आपल्या हातानं मारतो, हे माझ्या डोक्यात बसेना. दुसऱ्या दिवशी मी त्याला म्हणालो, हे पाप आहे. तो म्हणाला, "असेल. पण मरण चांगलं लिहिलं होतं."

पुढं तो लिहीतच राहिला. इस्पितळाची मालिका, वकिलांची मालिका, गुराढोरांच्या एका डॉक्टरची मालिका. पण लिहिलेलं पडद्यावर जाईपर्यंत चार जणांचे हात त्याला लागायचे. स्वयंपाकघरात येणाऱ्या प्रत्येकानं आमटीत मीठ टाकावं तसं, असं सुनेनं त्याचं बोलणं मला समजावलं. त्याच्या लिहिण्यावर एकाच माणसाचा हात त्याला चालायचा, तो बायकोचा. बाई जपानी, लंडनला राहून सिनेमातले संवाद इंग्रजीत आणायच्या. हा वाचून दाखवायचा आणि कुठं खोटं वाटलं की बाई हातातला कप खाली ठेवायच्या. बोलायच्या नाहीत. म्हातारपणी त्यांना आपल्या गावात राहावंसं वाटलं म्हणून दोघं टोकियोला आली. इथं त्या आजारी पडल्या आणि गेल्या. मी यायच्या आधीच. मी त्यांना पाहिलेलं नाही. त्याच्या घरात फोटो आहे तेवढाच.

आमच्या कलेचं मी सांगितलं तर त्याला ते पटेना.

"पण संवाद कोण लिहितं?"

"कोणी नाही. मालक पानाला चुना लावता लावता कथा सांगतो. हा राजा, ही राणी, हा राक्षस, शेवटी वध. बाकीचं मंचावरच्या बाकड्यावर बसलं की तोंडाला येतं."

"आणि एखादा अडला तर?"

"अडू द्यायचाच नाही. समोरचा गप्प झाला की दुसऱ्यानं शब्द उचलायचा. तो अडला आणि तुम्ही बघत राहिलात तर लोक तुम्हाला शिव्या घालतात, त्याला नाही."

तो हसला. "आमच्याकडं गप्प बसायचं असलं तरी ते लिहून येतं."

"गप्प बसायचे पैसे घेतोस?"

"त्याचेच जास्त घेतो."

अशी आमची थट्टा चालायची.

मग योकोहामातल्या एका कंपनीनं त्याला काम दिलं. टीव्हीसाठी तासाभराचं, इथंही दाखवणार आणि विलायतेतही. परक्या देशात बायको गेल्यावर मागं राहिलेला म्हातारा, अशी गोष्ट. विषय त्याचाच होता, त्यानंच सुचवला होता. तो थंडीभर त्यावर बसून होता, कवायतीलाही यायचा नाही. मला म्हणाला, "याच्यानंतर मला कुणी बोलावणार नाही. हे शेवटचं. आणि हे माझं आहे."

त्यात त्यानं एक भारतीय शेजारी घातला होता. कंपनीचे लोक पक्कं करायच्या आधी टेबलाभोवती बसून सगळं वाचून घेतात म्हणे. त्या वाचनाला शेजारी म्हणून तू बस, असं तो म्हणाला. मी म्हटलं, पाठ करणं हे पोपटाचं काम, माझं नव्हे. तरी बसलो. मित्र म्हणतोय तर काय करता. सुनेनं माझी वाक्यं वाचून दाखवली, मी कानानं धरली. थोडीच होती. तिनं फक्त माझी वाक्यं वाचली आणि मीही तेवढीच ऐकली. त्याच्या वाक्यांच्या मागंपुढं कंसात बारीक अक्षरांत काय काय होतं, ते ना तिनं वाचलं ना मी विचारलं.

शेवटचा प्रसंग त्यानं मला तोंडी सांगितला होता, तो असा. इस्पितळात बायकोनं नवऱ्याला विचारलेलं असतं, मी गेल्यावर तू परत जाशील का? नवरा उत्तर देत नाही आणि ती जाते. पुढं कित्येक दिवसांनी तो हे शेजाऱ्याला सांगतो. शेजारी विचारतो, मग तू तिला काय म्हणालास? हे माझं शेवटचं वाक्य. त्यानंतर तो उठून चहाच्या आधणाखालचा गॅस बंद करतो, की संपलं.

वाचन आमच्याच इमारतीच्या सभागृहात झालं. कंपनीच्या एक बाई, एक तरुण दिग्दर्शक, बायकोचं काम वाचायला एक इंग्रज बाई. म्हाताऱ्याचं काम हवालदारानं स्वतःच वाचलं. इतकी वर्षं 'होतो होतो' म्हणणारा माणूस, पण वाचायला लागला आणि मी मनात म्हटलं, मेल्या, नट आहेस. आवाज न चढवता खोली भरत होता.

माझी पाळी आली. मी विचारलं, "व्हॉट डिड यू टेल हर?"

त्यानं मान खाली घातली. ओठ हलले, शब्द नाही. पखवाजाचं एक आवर्तन होऊन जाईल इतका वेळ गेला. मग अजून गेला. तो उठेना. त्याच्या डोळ्यांत पाणी आलं. मी म्हटलं, अडला. गडी अडला.

आणि मी उभा राहिलो. ठरवून नाही. समोरचा अडला की माझे पाय आपोआप उभे राहतात. जुना स्त्रीपार्टाचा आवाज गळ्यात कुठं शिल्लक होता कोण जाणे, तो आला, आणि मी त्याची बायको होऊन मराठीत बोललो.

"अहो, राहू दे. नका बोलू. तुम्ही काय म्हणणार होतात ते तुमचा हात माझ्या हाताला लागला तेव्हाच मी ऐकलं. जा नाहीतर इथं राहा. जिथं चहा ठेवाल तिथं दोन कप मांडाल, एवढं मला ठाऊक आहे. माझं तेवढ्यानं भागलं."

बसलो तेव्हा कंपनीच्या बाई रडत होत्या. इंग्रज बाईनं चष्मा काढून ठेवला होता. सुनेशिवाय एकालाही शब्द कळला नव्हता आणि सूनही पदर नाही म्हणून बाहीनं डोळे पुशीत होती. दिग्दर्शकानं फोन माझ्याकडं धरून ठेवला होता. मला वाटलं, जिंकलं. पेटीवाला असता तर त्यानं सूर धरून ठेवला असता.

हवालदारानं कागद गोळा केले आणि तो बाहेर गेला. मी मागं गेलो, सून माझ्या मागं.

"काय हवालदार, सांभाळलं की नाही?"

त्याचा चेहरा पांढरा झाला होता. "मी अडलो नव्हतो," तो म्हणाला. मग सुनेकडं बघून भरभर बोलत राहिला. ती खाली बघून ऐकत होती.

"बाबा, ते म्हणतायत की तिथं लिहिलेलं आहे. 'तो बोलत नाही.' ती जागा जमायला त्यांना सगळी थंडी लागली."

"आणि?"

"आणि म्हणतायत, तिला ठाऊक नव्हतं. ती विचारून गेली आणि उत्तर न कळता गेली. त्या सगळ्यात तेवढंच खरं आहे. ते तुम्ही पुसलंत."

मी तापलो. समोरचा रडकुंडीला येऊन गप्प झालाय आणि मी काय लाकडासारखा बघत बसू? तसं मला कुणी शिकवलेलं नाही. तसं असेल तर आधी सांगायचं होतं.

"लिहिलं होतं," तो म्हणाला.

"मला इंग्रजी वाचता येत नाही."

"ठाऊक आहे मला," तो म्हणाला आणि जिना चढून गेला. लिफ्ट होती, तरी जिन्यानं.

मी माफी मागितली नाही. आजही मागितलेली नाही.

त्याच आठवड्यात कंपनीचा निरोप आला. काम पसंत आहे, पण शेवट तो शेजारी झालेला म्हातारा बोलला तसा हवा. म्हणजे मी. कॅमेऱ्यापुढं मीच बोलायचं, मराठीत, खाली जपानीत नि इंग्रजीत अक्षरं येतील. ते भाषण नसेल तर मात्र त्यांना परत विचार करावा लागेल. मुलानं लगेच गावच्या ग्रुपवर टाकलं. आमच्या कंपनीतला पेटीवाला, आता त्याला ऐकू कमी येतं, त्यानं नातवाकडून निरोप पाठवला, जपानात राजपार्ट केलास रे. मला ते गोड वाटलं. का वाटू नये?

आणि एका संध्याकाळी हवालदार आमच्या दारात. तो आमच्या घरी कधी येत नसे, मीच जायचो. बूट काढून, नीट फिरवून ठेवून आत आला. सुनेनं चहा दिला.

"मी त्यांना नाही म्हणायला गेलो," तो म्हणाला, "आणि तोंडातून निघालं, विचार करतो. सगळा जन्म मी दुसऱ्यांनी बदललेलं गिळलं. हे एक गिळायचं नव्हतं. पण हे गेलं तर मागं काही उरत नाही."

"मग मी काय करू?"

"ते बोलणं तुझं आहे. तू दिलं नाहीस तर त्यांना ते घेता येणार नाही."

"म्हणजे तुझं 'नाही' मी म्हणायचं?"

"हो."

"आणि माझं काय? मला या वयात टीव्हीवर कोण बोलावणार आहे?"

"मला तरी कोण?"

तो चहा तसाच ठेवून गेला. सुनेनं कप उचलला.

दुसऱ्या दिवशी ती कोमात्सुना निवडत होती. इथली पाल्याची भाजी, आम्ही ती पालकासारखी करतो. मी देठं मोडून देत होतो.

"बाबा, एक विचारू? रागावणार नसाल तर."

"रागावेन. विचार."

"त्या काकूंना तुम्ही कधी भेटला होतात?"

"फोटो बघितलाय."

"मग त्या असं म्हणाल्या असत्या हे कशावरून?"

"आता राण्यांना तरी मी कुठं भेटलो होतो? जन्मभर त्यांच्या तोंडून बोललोच ना?"

"राण्यांचे नवरे आपल्या तिसऱ्या मजल्यावर राहत नाहीत, बाबा."

"तोंड फार सुटलंय तुझं," मी म्हणालो आणि देठं तिथंच टाकून उठलो. रात्री मुलगा जेवायला बोलवायला आला तरी गेलो नाही. आमच्या घराण्यात राग असा असतो.

पण ते टोचत राहिलं. न्हाणीघरात दार लावून मी ते भाषण परत म्हणून बघितलं. शब्द सगळे आले, पण त्यात साखर जास्त झाली होती. लोकांना रडवायला बसलेला माणूस मला माझ्याच आवाजात ऐकू आला. त्या दिवशी ते तसं नव्हतं. का नव्हतं, ते मला सांगता येणार नाही.

योकोहामाला आम्ही तिघं गेलो. सुनेनं अर्धी रजा टाकली. गाडीत हवालदार खिडकीकडं बघत होता. मी काय ठरवलंय ते त्याला सांगितलं नव्हतं आणि त्यानं विचारलं नाही.

कंपनीच्या बाईंनी हिरवा चहा दिला, माझ्या बोलण्याची खूप तारीफ केली. सूनबाई एकेक वाक्य मराठीत आणत होती. सगळं ऐकून घेतल्यावर मी म्हणालो, "त्यांना सांग, दशावतारात एकदा बोललेलं परत बोलत नाहीत. ते त्या दिवसाचं होतं, गेलं. आणि त्या जागी कुणीच बोलायचं नाही."

बाई हसून म्हणाल्या, हरकत नाही, रेकॉर्डिंग आहे, तुम्ही फक्त हो म्हणा. मी नाही म्हणून मान हलवली. त्यावर त्या म्हणाल्या, तर मग तशाच अर्थाचं दुसऱ्या कुणाकडून लिहून घेऊ. आणि त्यांनी हवालदाराकडं बघितलं.

आता माझ्या हातात काही नव्हतं. मी माझं 'नाही' दिलं होतं, पण ते पुरलं नाही. आता त्यालाच बोलायचं होतं.

तो बोलेना. टेबलावरच्या आपल्या कागदांकडं बघत बसला. भिंतीवरचं यंत्र गरम हवा सोडत होतं तेवढाच आवाज. माझ्या पायांत ते यायला लागलं, उभं राहायचं. अडलाय की विचार करतोय, कसं कळायचं? शेजारी सुनेला राहवेना, तिनं काहीतरी सावरून घ्यायला तोंड उघडलं, तर मी तिचं मनगट धरलं. तिनं माझ्याकडं बघितलं आणि तोंड मिटलं.

बऱ्याच वेळानं तो जपानीत काहीतरी म्हणाला. अगदी थोडं.

"बाबा," सून हळूच म्हणाली, "ते म्हणाले, तो बोलत नाही. तसंच राहील."

बाईंनी मान लववली आणि एकच शब्द उच्चारला.

"कठीण आहे म्हणाल्या," सून म्हणाली.

"म्हणजे बघू, असं?"

"नाही बाबा. इथं कठीण म्हणजे नाही."

सगळ्यांनी एकमेकांना वाकून नमस्कार केले. बाई लिफ्टपर्यंत सोडायला आल्या आणि दार बंद होईपर्यंत वाकून उभ्या राहिल्या. कागदांचा गठ्ठा हवालदाराच्या काखेत होता.

परतीच्या गाडीत तिघं एका रांगेत बसलो. मी म्हणालो, "पाणी सोडलंस."

"तूही," तो म्हणाला.

घरी मुलगा तोंड वाईट करून बसला होता. ग्रुपवर काय सांगायचं याची त्याला काळजी. "बाबा, त्या माणसाचं काम तुम्ही दोनदा घालवलंत. एकदा बोलून आणि एकदा न बोलून." मी म्हणालो, हो. सूनबाईनं ताट वाढलं, आणि त्या दिवशी तिनं मला न मागता दुसऱ्यांदा भात वाढला.

ते नाटक कुठं लागलं नाही. आता लागणारही नाही. हवालदार परत कवायतीला येतो, हात अर्धेच वर करतो. नंतर आम्ही बाकावर बसतो. त्याला त्याचं दुःख आहे की नाही, मला ठाऊक नाही. कधी बोलता बोलता तो मधेच थांबतो, समोरच्या इमारतीच्या गॅलऱ्यांत वाळत टाकलेल्या रजयांकडं बघत राहतो. मी मधे काही बोलत नाही. मला ते सहज जमतं असं समजू नका. जीभ टाळूला लावून बसावं लागतं.